दोन मिन्टं एकलं

“बाप्पा हो, दोन मिन्टं एकलं बसू द्या ना मले!”

आमच्या घरात हे वाक्य इतकं ऐकू यायचं की बोलायला शिकणारी पोरंसुद्धा ‘आई’, ‘पाणी’च्या पाठोपाठ ‘एकलं बसू द्या’ म्हणायची. वाक्याचे मूळ मालक आमचे मोठेबाबा, म्हणजे माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. हिंगणघाटच्या बाजारात कापडाचं दुकान, दुकानाच्या मागेच घर, आणि घरात उठताबसता एकमेकांच्या पायात येणारी आम्ही माणसं. मोठेबाबा आंघोळीला बसले तरी बाहेरून कोणीतरी विचारणारच, “बाबा, अस्तराचे तागे कुठी ठेवले?” मग आतून तांब्या आपटल्याचा आवाज, आणि पाठोपाठ ते वाक्य.

खरी गंमत पुढेच. कधीतरी घरातल्यांनी ते मनावर घ्यायचं आणि दार ओढून सगळ्यांनी बाहेर निघायचं. आत मोठेबाबा एकटे, गादीवर मांडी घालून, डोळे मिटून. जरा वेळ शांतता. मग खोकला. मग खिडकीची कडी काढल्याचा आवाज. आणि मग, “अरे, कुठी गेले सारे? घरात माणसं आहेत का नाई?”

माणूस मुळातच चुळबुळ्या. हात कधी स्वस्थ नाहीत. बोलता बोलता समोरच्याची बाही किंवा पदर चिमटीत धरायचे आणि अंगठ्याने पोत बघायचे. मी पतसंस्थेत नोकरीला लागले तेव्हा पाया पडायला गेले, तर आशीर्वाद राहिला बाजूला. “वैशे, ही साडी कुठून घेतली वं? धुतली का बसली समज. आपलं दुकान का मेलं होतं?” त्यांच्या धोतराचा सोगासुद्धा त्यांच्याच चिमटीने मळलेला असायचा. हाताला कापड मिळालं नाही तर ते नुसतीच हवा चोळत बसायचे.

मोठी आई, म्हणजे मोठेबाबांची बायको, याच्या अगदी उलट. तिच्याबद्दल सांगण्यासारखं काही आहे असं आम्हाला कधी वाटलंच नाही. ती असायची, बस. चुलीपाशी, नंतर गॅसपाशी. सगळ्यांची जेवणं झाली की तीही जेवत असेल, पण ती जेवताना कशी दिसते हे मला विचाराल तर सांगता येणार नाही. ती काही मागायचीच नाही. मागायचं काम मोठेबाबांनी घेतलं होतं ना!

दुकान मुलाच्या, आमच्या दिलीपदादाच्या, हाती पूर्ण सोपवलं त्या दिवशी मोठेबाबांनी जाहीर केलं, “मी चाल्लो हिंगणीले. एकलं राहाले.” हिंगणीला, बोर धरणाच्या बाजूला, त्यांच्या आजोळचं दोन खोल्यांचं घर होतं. पुढे ओटा, मागे आंगण, आंगणात चिंचेचं झाड. त्याच्यापुढे थोडी शेतं आणि मग जंगलच. घरातली सगळी हसली. दिलीपदादा म्हणाला, “बाबा, आईले तं घेऊन जा.” मोठेबाबा उखडले. “एकलं म्हंजे एकलं! थे आली का झालं दुकटं.”

मोठी आई उठली. तिने लोणच्याची बरणी बांधली, तिखटमीठ बांधलं, दोन गोधड्या काढून दिल्या. निघताना एवढंच म्हणाली, “जा. पोटभर बसून या एकडाव.”

हिंगणघाटहून हिंगणीला जायचं तर वर्ध्यावरून जावं लागतं आणि वर्ध्याच्या कडेला, बोरगाव मेघेत, मी राहते. दोन खोल्या, मी एकटी. नवऱ्याशी पटलं नाही, निघून आले, संपलं. पण नातेवाइकांच्या तोंडी मी कायमची ‘एकली राह्यते बिचारी’ होऊन बसले आहे. त्यातलं ‘बिचारी’ ऐकलं की माझं टाळकं सटकतं. मोठेबाबा मात्र त्या दिवशी माझ्याकडे उतरले आणि माझ्या खोल्या अशा बघायला लागले, जशी मी कुठली मोठी परीक्षा पास झाले आहे.

“कशी राह्यते वं तू एकली?”

“राहते. पहिल्या वर्षी नळ सोडून रडायचे, घरमालकिणीला ऐकू जाऊ नये म्हणून. आता नाही रडत.”

“मले नाई रडू येणार,” मोठेबाबा म्हणाले. “मले तं लय दिवसाची हौस आहे.” आणि माझ्या पडद्याचा पोत बघायला लागले.

हौस पुरी व्हायला वेळ लागला नाही. दुसऱ्या दिवसापासून फोन सुरू. “वैशे, काई नाई, सहज केला. जेवली का? दिलीपने शटर नीट लावलं असंल का? त्याले फोन कर बरं, मी केला तं चिडते थो.” हिंगणीच्या घरात रेंज यायची नाही. ओट्याच्या एका कोपऱ्यात उभं राहून मान वर केली तरच आवाज पोचायचा, म्हणून ते दिवसभर त्या कोपऱ्यातच उभे असणार हे मला इथे बसून कळत होतं.

रविवारी बघायला गेले तर ओट्यावर काय दृश्य! गादी घातलेली, वर पांढरी स्वच्छ चादर, मागे लोड, आणि मोठेबाबा दुकानात बसायचे तस्से बसलेले. रस्त्याने भाजीची टोपली घेऊन जाणारी बाई दिसो की बकऱ्या हाकणारा म्हातारा, यांचं चालूच, “या, या, बसा. पाणी घ्या. घेनं नाई, देनं नाई, निस्तं बसा!” आयुष्यभर गिऱ्हाइकाला बोलावलेली जीभ ती, तिला दुसरं येणार काय? गावाने सरळ समजूत करून घेतली की शेटजींनी कापडाचं दुकान टाकलं. माझ्यादेखत एक बाई आली आणि ब्लाऊजपीस मागायला लागली. मोठेबाबांनी तिच्या साडीचा पदर चिमटीत धरला, रंग पाहिला आणि म्हणाले, “याच्यावर मोतिया चालते. पुढच्या बुधवारी येजो.”

“मोठेबाबा! तुम्ही एकटं राहायला आलात ना?”

ते ओशाळले. मग बाई गेल्यावर हळूच म्हणाले, “वैशे, इथी आवाजच नाई वं. दिवस बुडाला का मले माह्याच घोट गिळाचा आवाज येते. मी उठतो, दाराची कडी पाह्यतो. वापस बसतो, वापस उठतो. असा का आवाज करते वं माणूस आतून?”

मला हसू आलं होतं, पण ते त्यांच्याकडे बघून विरलं. त्यांना भीती वाटत होती आणि ती घरी सांगायची त्यांना लाज होती. जन्मभर ज्याच्यासाठी घर डोक्यावर घेतलं ते मिळालं, आणि ते झेपेना. हे कोणत्या तोंडाने सांगणार?

शेवटी ‘पाणी मानवलं नाई’ असं कारण काढून ते हिंगणघाटला परतले. घरात सगळ्यांनी चिडवून चिडवून त्यांचा पिच्छा पुरवला. नातवंडं पाण्याचा ग्लास नेऊन द्यायची आणि विचारायची, “आबा, हे पाणी मानवते का?” मोठी आई तेवढी हसली नाही. तिने विचारलं, “गोधड्या, भांडी तिथीच राह्यली ना? मी घेऊन येते.” आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीने ती निघाली.

संध्याकाळी यायची ती आली नाही. फोन केला तर म्हणाली, “गोधड्या धुतल्या, वाळल्या नाईत. उद्या येते.” उद्याचं परवा झालं. आंगण सारवायचं होतं. मग चिंचा उतरवायच्या होत्या. मग कारणं देणंच तिने बंद केलं.

आता बघा, पुरुषमाणूस एकटा राहायला गेला तेव्हा घराला हसू आलं होतं. बाई राहिली तर घराच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. भांडण झालं का? सुनेनं काही म्हटलं का? बाजारात लोक दिलीपदादाला विचारायला लागले आणि वहिनी तर रडायलाच बसली, “माझं काय चुकलं ते तरी सांगा आईंनी.” दादा गाडी घेऊन आणायला गेला. मोठी आईने त्याला चहा दिला, पोरांसाठी चिंच बांधून दिली आणि वाटेला लावलं. “अरे, मी का कुठी पळून गेली? इथीच तं बसली आहो. दिवाळीले येते म्हणलं, वापस येणार म्हणलं. अजून काय पाह्यजे?”

सगळ्यांत वाईट अवस्था मोठेबाबांची. घर माणसांनी गच्च भरलेलं आणि हे या खोलीतून त्या खोलीत फिरतायत. जेवायला बसायचे, अर्ध्यात उठायचे. दुकानात जाऊन दादाच्या मागे उभे राहायचे, आलेल्या गिऱ्हाइकाला ‘बसा’सुद्धा म्हणायचे नाहीत. ‘एकलं बसू द्या’ हे तर त्यांच्या तोंडून पारच गेलं. एकदा मी गेले होते तर माझी ओढणी चिमटीत धरून किती वेळ नुसते उभे. अंगठा चालू, पण लक्ष पोताकडे नव्हतं. म्हणाले, “वैशे, थे येत काऊन नाई वं? मी तिले काई म्हणलं का कधी?”

दादाने मग ठरवून टाकलं. हिंगणीच्या घराला कुलूप घालायचं, घर भाड्याने द्यायचं. राहायला जागाच नसली की येईल आई. फक्त आधी बाबांनी जाऊन समजवावं, त्यांच्या शब्दाला ती नाही म्हणायची नाही. मोठेबाबा एका पायावर तयार झाले. कुलूप पिशवीत, बरोबर मी. एसटीत त्यांनी मला दहादा म्हणून दाखवलं, तिला काय सांगणार ते. “म्हणीन, चाल घरी. म्हणीन, तुह्याबिगर मले करमत नाई. असं म्हणलं तं येईन ना? हे असं मी तिले कधी म्हणलं नाई वं.” त्यांनी तसं म्हटलं असतं तर मोठी आई उठून आली असती, यात मला जराही शंका नव्हती. आणि ती आली तर ते घर तिच्या हातून कायमचं गेलं, हेही उघडच होतं.

आम्ही मागच्या बाजूने, कुंपणाकडून गेलो. मोठेबाबा पुढे होते. हाक मारायला तोंड उघडलं आणि तसेच थांबले.

आंगणात चिंचेखाली मोठी आईने चूल मांडली होती. तिने भाकर थापली, तव्यावर टाकली, शेकली. ती फुगली तशी उतरवून ताटलीत घेतली. जाळ जरा मागे ओढला. मग चिंचेच्या बुंध्याला पाठ टेकून, दोन्ही पाय सरळ लांब पसरून बसली आणि ती भाकर खायला लागली. तव्यावरची, पहिली. फुंकर घालत, हाताला चटका बसला की बोटं झटकत, मिरचीच्या ठेच्याशी. ती खाऊन झाली तेव्हा उठून तिने दुसरी थापली. कोणाला वाढायचं नव्हतं. कोणी हाक मारत नव्हतं. तोंडाने काहीतरी गुणगुणत होती, ऐकू येत नव्हतं आम्हाला.

मोठेबाबांचा हात कुंपणाच्या काटकीवर होता. अंगठा थांबलेला. आयुष्यात पहिल्यांदा मी तो हात स्वस्थ पाहिला.

“आवाज द्या ना,” मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली. माझ्या मनगटाला धरून मला मागे ओढलं, पावलं न वाजवता. ओढ्यावरच्या पुलियावर येऊन बसले आणि धोतराच्या सोग्याने डोळे पुसायला लागले. “वैशे, मी तिले गरम भाकर खातानी कधी पाह्यलीच नोती. इतके वर्ष झाले वं. मी दोन मिन्टं, दोन मिन्टं बोंबलत राह्यलो. तिले कोणी देल्ले दोन मिन्टं? मी देल्ले?”

माझ्याही डोळ्याला धार लागली होती.

“मग आता न भेटताच जायचं?”

“बसू दे तिले दोन मिन्टं,” मोठेबाबा म्हणाले. कुलूप त्यांनी मला दिलं. “हे तुह्या घराले ठेव.”

त्या दिवशी घरी जाऊन त्यांनी दादाला काय सांगितलं ते मी ऐकलं नाही, पण वहिनी सांगत होती की बाबांचा एवढा चढलेला आवाज तिने कधी ऐकला नव्हता. हिंगणीच्या घराचं नाव पुन्हा कोणी काढलं नाही.

मग दर बुधवारी मोठेबाबा तिला भेटायला जायला लागले. जाताना माझ्याकडे उतरायचे. मी ऑफिसला निघायच्या घाईत आणि यांचा तोंडाचा पट्टा सुरू. बाजारातल्या बातम्या, सुताचे भाव, नातवाचे प्रताप, शेजारच्या दुकानदाराचं गुडघ्याचं दुखणं. “ऐकून घे वं जरा. इथीच सारं बोलून घेतो. तिथी बंदी आहे.”

मोठी आईने खरंच बंदी घातली होती. “बसा, पण बोलू नका,” ही तिची अट. मी एकदा पाहिलं. ही ओट्यावर चिंचा सोलतेय, ते बाजूला बसलेत, चिमटीत तिच्या लुगड्याचा काठ. चुळबुळ, चुळबुळ. मग न राहवून, “अवो, एक गोष्ट सांगू का?”

“नाई.”

“बरं.”

परत चिंचा. बाकी काही नाही. पण जेवायच्या वेळी गरम भाकर त्यांच्या ताटात पहिली पडायची नाही. तिची आधी व्हायची, मग यांची. हे मोठेबाबांनी मला येऊन सांगितलं, कौतुकाने, जसा काही तो मोठा बहुमान होता. “अन् निघतानी म्हणते, येजा बुधवारी. कधी विसरत नाई.”

या हिवाळ्यात ते गेले. हिंगणघाटला, सकाळी, चहाचा कप हातात असताना. घर भरलेलं होतं. फक्त मोठी आई नव्हती. दादाची गाडी तिला घेऊन आली तेव्हा दारातल्या बायकांनी एकमेकींकडे बघितलं आणि मला ते दिसलं. शेवटच्या घडीला जवळ नव्हती, तिकडे जंगलात जाऊन बसली होती. कोणी मोठ्याने म्हणत नव्हतं. म्हणायची गरजच नव्हती.

मोठेबाबा जिथे गेले त्या खोलीत दिवा लावला होता. दिव्यापाशी मोठी आईला बसवलं आणि भोवती बायका. आमच्याकडे अशा बाईला दिवसकार्य होईपर्यंत एकटं सोडत नाहीत. कोणी ना कोणी बसलेलंच. रात्री दोघी कुशीला. ती नहाणीत गेली तरी एकजण दाराशी उभी. सगळं मायेनेच, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. पण मोठी आई रडत नव्हती. मोठेबाबांची लांबची बहीण, मथुराआत्या, तिच्या पाठीवर हात फिरवत सारखी म्हणत होती, “रड वो, रड बाई, मोकळी हो.” दुसरी मोठेबाबांच्या आठवणी काढत होती, तिला रडू यावं म्हणून. मोठी आई नुसती दिव्याकडे बघायची. मग दाराकडे. मग परत दिव्याकडे. तिची बोटं मांडीवर लुगड्याचा काठ चोळत होती, अंगठ्याने, अगदी त्यांच्यासारखी.

तिसऱ्या दिवशी मला ते बघवेना. तिने मान वर केली आणि तिची नजर माझ्यावर थांबली. ती मागणारी बाई नव्हती हो. जन्मात काही मागितलं नाही तिने. ती आताही मागणार नव्हती.

मी उठले. दोन्ही हात वर गेले कसे ते मला कळलं नाही.

“बाप्पा हो, दोन मिन्टं एकलं बसू द्या ना तिले!”

खोलीतलं बोलणं तटकन थांबलं. मथुराआत्या म्हणाली, “अवो, असं सोडत नाई एकलं. रीत आहे.” पण बैठकीतून दिलीपदादा दारात आला होता. त्याचं तोंड असं झालं होतं की त्याच्याकडे बघवेना. बाप आत बसला आहे असंच वाटलं असणार त्याला क्षणभर. तो एवढंच म्हणाला, “आत्या, या बाहेर. साऱ्याजणी या.”

एकेक करून सगळ्या उठल्या. मी शेवटी. दार ओढून घेतलं आणि त्यालाच पाठ लावून खाली बसले, कोणी परत आत घुसू नये म्हणून. पोरांनासुद्धा खुणेनं लांब घालवलं. इतक्या माणसांच्या त्या घरात एवढं शांत मी कधी ऐकलं नव्हतं.

मग लुगडं सावरून कोणी नीट बसल्याची सळसळ झाली, आणि मोठी आईचा आवाज आला, हळू, ओट्यावर बाजूला बसलेल्या माणसाशी बोलावं तसा.

“गेल्या साऱ्या. आता बोला, काय बोलाचं आहे थे.”